दोघींचं मीठ

साडेचार किलोची टर्की ओट्यावर पालथी पडली होती आणि मावशी मोठ्या कात्रीनं तिचा कणा कापून काढत होती. एवढा पक्षी त्यांच्या टीचभर ओव्हनमध्ये मावायचा तर तो आधी सपाट करायला हवा. कणा निघाला. मग तिनं पक्षी उताणा केला, दोन्ही तळवे छातीवर ठेवले आणि सगळं अंग त्यावर टाकलं. काडकन हाड मोडलं.

बाहेरच्या खोलीत बटाटे सोलत बसलेली सून दचकली. तिचा एक हात पोटावर गेला, दुसरा तोंडासमोर आला.

"अगं, टर्की आहे," मावशी आतून म्हणाली.

"हो आई," सून म्हणाली आणि हात खाली घेऊन पुन्हा बटाटे सोलायला लागली.

मावशीला सगळं जग मावशीच म्हणायचं. एका कारखान्याच्या कॅन्टीनमध्ये तिनं सव्वीस वर्षं चारशे माणसांचा स्वयंपाक केला होता. तिथे यंत्रांचा एवढा आवाज असायचा, की भात संपला हे सांगायलासुद्धा बेंबीच्या देठापासून ओरडावं लागे. तो आवाज तिच्या गळ्यात अजून होता, पण घरी तिनं तो कधी काढला नव्हता. घरी आवाज एकाच माणसाचा, तिच्या मुलाचा. चौतीस वर्षांचा घोडा, पण लहानपणी पडलेलं नाव काही सुटलं नाही. सोन्या.

हा सोन्या बायकोला मारायचा. उगाच शब्द मऊ कशाला करा? मारायचा म्हणजे मारायचा. आधी मनगटावरचं घड्याळ काढून रेडिओवर ठेवायचा, काच फुटू नये म्हणून. मग बाह्या वर सारायचा. घड्याळ रेडिओवर टेकल्याचा बारीकसा आवाज झाला, की घरातल्या दोघी बायका हातातलं काम खाली ठेवायच्या. "आईच्या अंगाला मी आजवर बोट लावलं नाही," असं तो चारचौघांत अभिमानानं सांगायचा, आणि ते खरंही होतं.

आणि मावशी काय करायची? तेही ऐका. ती उठून रस्त्याकडची खिडकी लावायची. कडी घालायची, रेडिओ मोठा करायची आणि स्वयंपाकघरात जाऊन शेकायला मिठाचं पाणी गरम करत ठेवायची. झाकली मूठ सव्वा लाखाची, असं तिचं म्हणणं. तो मनानं वाईट नाही, असंही म्हणणं. गेल्या वर्षी इस्त्रीच्या एका सुरकुतीवरून त्यानं सुनेला लाथ घातली तेव्हाही मावशीनं खिडकी लावली होती. सून तेव्हा तीन महिन्यांची पोटुशी होती. दुसऱ्या दिवशी दवाखान्यात नर्सनं विचारलं, कसं झालं? सून उत्तर द्यायच्या आत मावशीच म्हणाली, "न्हाणीत पाय घसरला."

आता सून पुन्हा पोटुशी होती. पाचवा महिना. ह्या खेपेला मावशीनं महिनाभर मुलाची मनधरणी करून एक गोष्ट पदरात पाडून घेतली होती. सुनेनं बाळंतपणापर्यंत आपल्या बहिणीकडे जाऊन राहायचं. परवा सकाळची गाडी होती. पिशवी भरून पलंगाखाली ठेवली होती.

"उद्याचं जेवण नीट पार पडू दे," सोन्या म्हणाला होता. "मग जाऊ दे तिला. नाही पडलं, तर बघू."

उद्याचं जेवण म्हणजे साहेबांचं. सोन्या मालाच्या गोदामात होता. वर्षाअखेरच्या सुट्टीला गोदामानं प्रत्येकाला एकेक टर्की वाटली होती, आणि गोदामाचे साहेब विधुर, सणसुदीला एकटेच असतात हे कळल्यावर सोन्यानं त्यांना घरी बोलावून टाकलं. नव्या वर्षात सुपरवायझरची एक जागा भरायची होती. चार माणसांचं जेवण, पण त्या चार ताटांवर एका पोराचा जीव टांगलेला होता, आणि मावशीला ते पक्कं ठाऊक होतं.

तिनं खलात लसूण ठेचला. रोजमेरी आणि थाईमची पानं काड्यांवरून ओरबाडून त्यात टाकली, लिंबाची साल किसली, मिरी भरडली, तेल ओतलं. मीठ ती चमच्यानं घेत नसे. तळहाताचा खळगा करायची आणि त्यात मावेल तेवढं. हात बरोबर सांगतो, असं ती म्हणायची. मग पक्ष्याची कातडी न फाटू देता तिच्याखाली बोटं सरकवली, छातीवरून, मांडीवरून, आणि तो हिरवा गोळा आतपर्यंत चोळला. उरलेला वरून चोळला. एक हात मीठ आतून, एक हात बाहेरून. झाकून फ्रिजमध्ये मुरत ठेवली.

"झालं?" सुनेनं विचारलं.

"झालं. आता हिला उद्या सकाळपर्यंत हात लावायचा नाही," मावशी म्हणाली आणि हात धुवायला गेली.

तिनं सांगायला हवं होतं, मीठ घातलंय म्हणून. पण त्या घरात मीठ हा बोलायचा विषय नव्हता. महिन्याभरात दोनदा मावशी भाजीत मीठ घालायला विसरली होती. वय झालं, दुसरं काय. दोन्ही वेळा मार सुनेला बसला. कुणाच्या हातचं चुकलं हे सोन्या विचारत नसे, त्याचा हिशेब सोपा होता.

दुसऱ्या दिवशी दुपारी साहेब आले. गोल, टकले, हातात संत्र्यांची पिशवी, आणि बोलणं सुरू झालं की थांबायचं नाव नाही. सोन्यानं पांढरा शर्ट घातला होता. हसत होता. सोन्या हसला की कुणालाही आवडेल असा दिसायचा, हे त्याच्या आईनंही मान्य केलं असतं.

स्वयंपाकघरात मावशीनं ओव्हनचं दार उघडलं. कातडी तांबूस, कुरकुरीत, आणि वास असा, की बाहेर साहेबांचं बोलणं घटकाभर थांबलं. तिनं लोखंडी ट्रे ओट्यावर घेतला, तळाशी साचलेल्या रसात करंगळी बुडवली आणि जिभेला लावली.

खारट नव्हतं ते. नुसतं मीठ होतं. तिनं दुसऱ्यांदा बोट लावलं, कारण माणूस आधी जिभेवर संशय घेतो. मग ती सुनेकडे वळली.

"तू मीठ लावलंस?" तिनं हलकेच विचारलं.

सुनेचा चेहरा पांढरा पडला. "पहाटे लावलं. मला वाटलं तुम्ही विसरलात. कच्चं मांस, चाखता तर येत नाही. म्हटलं, उगाच तुम्हाला विचारून वाईट कशाला वाटायला लावा."

"किती?"

सुनेनं तळहाताचा खळगा करून दाखवला. मावशीकडूनच शिकली होती. "दोन हात."

दोघींचं मिळून चार हात मीठ. एकीनं दुसरीला वाचवायला मीठ घातलं होतं, दुसरीनं पहिलीची चूक झाकायला. चुकलं कुणाचं म्हणावं? बाहेरून सोन्याचा आवाज आला, "आई, किती वेळ?"

मग जी धावपळ झाली ती झाली. मावशीनं सगळा रस मोरीत ओतला. मसाला चोळलेली कातडी सोलून काढली, वरवरचं मांस तासून टाकलं, बटाट्यांत मीठ न घालता दूध आणि लोणी घालून ते घोटले आणि ताटात ढीगभर वाढले. सुनेच्या हातून काटे-चमचे दोनदा पडले. "तू बस खुर्चीवर," मावशी तिला म्हणाली. "काही बोलू नकोस. मी बघते."

साहेबांनी पहिला घास घेतला. चावले, थांबले आणि पेल्याकडे हात नेला. "वा," ते म्हणाले. "चांगलं मुरलंय." पेला रिकामा झाला.

सोन्यानं घास घेतला. त्याचं हसू जिथल्या तिथे राहिलं, फक्त डोळे सुनेकडे वळले. टेबलाखाली त्यानं बुटाची टाच तिच्या अनवाणी पायाच्या बोटांवर ठेवली आणि सगळा भार दिला. सुनेनं ओठ मिटले. तिच्या नाकपुड्या तेवढ्या फुलल्या. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच.

"आमच्या आईच्या हाताला तोड नाही, साहेब," सोन्या म्हणाला. "आज बहुतेक हिनं मदत केली."

"छान, छान," साहेब म्हणाले. त्यांनी सुनेकडे हसून पाहिलं. बटाटे वाढायला तिनं हात पुढे केला तशी बाही वर सरकली, आणि मनगटाभोवतीचे चार निळे डाग आणि अंगठ्याचा पाचवा, असे पाचही त्यांना दिसले. साहेबांनी ते पाहिले. पाहून नजर बटाट्यांकडे वळवली आणि आपल्या गुडघेदुखीचं सांगायला लागले.

मावशीनं तेही पाहिलं. तिला राग आला, आणि लगेच कळलं की आपल्याला ह्या माणसावर रागवायचा अधिकार नाही.

पण ह्या माणसाला जाऊ द्यायचं नव्हतं. तो खुर्चीवर आहे तोवर घड्याळ मनगटावर. मावशीनं कॉफी केली. संत्री सोलली. कॅन्टीनमधले किस्से सांगितले, एकदा भल्यामोठ्या कढईत उंदीर कसा पडला तेही सांगितलं. मग त्यांच्या बायकोबद्दल विचारलं आणि त्यांना रडवलंसुद्धा. साहेबांनी तोवर दोन तांबे पाणी संपवलं होतं. चारच्या सुमाराला ते गुडघ्यावर हात ठेवून उठले.

"अजून थोडं बसा की," मावशी म्हणाली. "एवढी काय घाई?"

"नको, जातो. पोट तुडुंब भरलं."

सोन्या त्यांना दारापर्यंत सोडायला गेला, हात हातात घेतला, जिना जपून उतरा म्हणाला. दार लावलं. वरची कडी, खालची कडी. खोलीत परत आला आणि मनगटावरचं घड्याळ काढून रेडिओवर ठेवलं.

"मीठ मी घातलं," मावशी म्हणाली.

"नाही. मी घातलं," सून म्हणाली.

"तिचं ऐकू नकोस, सोन्या. दोनदा मीच घातलं, विसरले म्हणून."

सोन्या एकीकडून दुसरीकडे बघत राहिला. मग त्याला हसू आलं. "दोघींनी मिळून माझी जिरवलीत," तो म्हणाला आणि सुनेचे केस मुठीत धरून त्यानं तिला टेबलापाशी ओढत आणलं.

त्यानं टेबलावरच्या ट्रेमधून मांसाचा लचका तोडला आणि तिच्या तोंडात कोंबला. "खा. माणसाला वाढतेस, स्वतः नाही खाल्लंस. खा." तिनं तोंड फिरवलं तशी त्यानं तिच्या कानशिलात भडकावली, डोकं टेबलाच्या कडेवर आपटलं, भुवई फुटली. पांढऱ्या कापडावर रक्ताचे थेंब पडले. पुन्हा लचका, पुन्हा कोंबला. तिला उलटी आली, तरी त्यानं तिचं तोंड तळव्यानं दाबून धरलं. "गिळ," तो म्हणाला. ती खाली कोसळली, गुडघे पोटाशी घेऊन तिनं गठडी केली. पहिली लाथ पाठीत बसली. दुसरी मांडीवर. तो तिच्या पोटाकडची बाजू शोधत फिरत होता.

मावशीनं त्याचा दंड धरला. त्यानं नुसता खांदा उडवला आणि ती भिंतीला जाऊन लागली. आणि मग काय झालं सांगू? तिचे पाय निघाले. सवयीनं, आपसूक, खिडकीकडे निघाले. माणसाला मोठी लाज वाटावी अशी ती गोष्ट आहे, पण झाली तशी सांगायला हवी. तिचा हात कडीवर गेला.

खाली रस्त्यावर सगळी दुकानं बंद होती, सुट्टीचा दिवस. कोपऱ्यावरचं एकच उघडं होतं. त्या दुकानासमोर साहेब उभे होते. पाण्याची बाटली तोंडाला लावून, मान मागे टाकून घटाघटा पीत होते, आणि दुसरी बाटली बगलेत होती. एरवी ते पार पुढच्या चौकात पोचले असते. मिठानं त्यांना तिथे धरून ठेवलं होतं.

मागे सून ओरडली नाही. ती एकच शब्द म्हणाली, "नको," आणि गेल्या वर्षीही ती तेवढंच म्हणाली होती.

मावशीनं कडी सोडली. खिडकीची दोन्ही दारं आत ओढून सताड उघडली. वळून टेबलावरचा लोखंडी ट्रे उचलला, आतल्या टर्कीसकट, आणि खिडकीतून खाली टाकला.

दुसऱ्या मजल्यावरून पडलेल्या लोखंडाचा आवाज सगळ्या गल्लीनं ऐकला. अर्धी टर्की साहेबांच्या पायाशी येऊन पडली. त्यांनी वर पाहिलं. दुकानदार बाहेर आला. मावशीनं श्वास घेतला आणि चारशे माणसांना ऐकू जाणारा तो आवाज सव्वीस वर्षांच्या नोकरीनंतर पहिल्यांदा घरात काढला.

"साहेब, वर या. माझा मुलगा बायकोला मारतोय. पोटुशी आहे ती. मारून टाकेल."

सोन्या सुनेला सोडून धावत खिडकीशी आला. आधी खाली बघून हसला. "काही नाही साहेब, आईला हल्ली भ्रम होतो," असं म्हणत त्यानं दोन्ही दारं बाहेरच्या चौकटीकडे लोटली. मावशीनं उजवा हात चौकटीवर ठेवला.

"आई, हात काढ."

"नाही काढत."

"मी तुझ्यावर कधी हात उचलला नाही. काढ हात."

"नाही काढत," मावशी म्हणाली.

त्यानं दार आपटलं. जुनं, जड लाकूड. बोटांतून कळ मस्तकापर्यंत गेली आणि मावशीच्या डोळ्यांपुढे अंधारी आली. खिडकी मिटली नाही. मध्ये हात होता. "काढ," तो म्हणाला, आता रडवेला होऊन, लहानपणी खेळणं मागताना म्हणायचा तसा, आणि पुन्हा आपटलं. ह्या वेळी आवाज आला. काल ओट्यावर आला होता तसाच. मावशीनं डाव्या हातानं त्याच्या पांढऱ्या शर्टाची कॉलर धरली, मूठ आवळली आणि त्याच्या खांद्यावरून ओरडली, "पोरी, दार उघड."

सून सरपटत निघाली होती. सोन्यानं मान वळवून पाहिलं, पण कॉलर सुटेना. त्यानं तिसऱ्यांदा दार आपटलं, अंगातला सगळा जोर लावून. तोवर सुनेनं खालची कडी काढली होती. मग भिंतीला धरून ती उभी राहिली आणि वरचीही काढली.

पुढे दुकानदार आला, मागून धापा टाकत साहेब, त्यांच्यामागे खालच्या मजल्यावरचा शेजारी. सोन्यानं साहेबांच्या तोंडावर ठोसा मारला, चष्मा फुटला. दुकानदार धिप्पाड होता. त्यानं सोन्याला जमिनीवर लोळवलं, चार गुद्दे घातले, आणि पोलीस येईपर्यंत तिघे त्याच्यावर बसून राहिले. साहेबांच्या नाकातून रक्त येत होतं, पण ते उठले नाहीत. खाल्ल्या मिठाला जागले म्हणायचं.

"आम्हाला वाटायचं, तुमच्याकडे रेडिओ मोठ्यानं लागतो," शेजारी मावशीकडे न बघता म्हणाला.

दवाखान्यात तीच नर्स नव्हती, पण कागद तोच होता. मावशीच्या हाताला एवढं गुंडाळलं होतं, की तो तिचा वाटत नव्हता. दोन बोटं वाचणार नाहीत, असं डॉक्टर सांगून गेले होते.

"कसं लागलं?" नर्सनं विचारलं.

"मुलानं खिडकी आपटली."

"चुकून?"

"चुकून नाही. तीनदा." मग ती म्हणाली, "पडद्यापलीकडे माझी सून आहे, तिचंही लिहा. तिलाही त्यानंच मारलं. गेल्या वर्षीही त्यानंच मारलं होतं. पाय घसरला नव्हता, मी खोटं सांगितलं होतं. लिहिताय ना?"

नर्स लिहीत होती. पडद्यापलीकडे यंत्रातून बाळाचे बारीक, भरभर ठोके ऐकू येत होते. मावशी ते ऐकत पडून राहिली. थोड्या वेळानं ठोके थांबले आणि तिनं मान उचलली, पण यंत्रच बंद केलं होतं. पडदा सरकला. सून भिंतीला धरत आली. भुवईवर टाके, एक डोळा पूर्ण मिटलेला, हातात पाण्याचा पेला.

"बरं आहे म्हणाले," तिनं सांगितलं आणि स्टुलावर बसली.

मावशीला खूप बोलायचं होतं, पण घसा कोरडा पडला होता. तिनं मीठ फक्त चाखलं होतं, तरी जीभ टाळ्याला चिकटली होती.

"गेल्या वर्षी," ती म्हणाली, "खिडकी मी लावली होती."

"माहीत आहे मला, आई," सून म्हणाली. "कडीचा आवाज आला होता."

तिनं स्टूल पलंगाजवळ ओढलं. मग तिनं मावशीच्या मानेखाली हात घालून तिला थोडं वर उचललं आणि पेला तिच्या तोंडाला लावला, आणि मावशी पाणी प्यायली.